सभागृह न पाहिलेले मंत्रिमंडळ

काही वर्षांपूर्वी आष्टी तालुक्यातल्या एका शाळेने सामान्यज्ञान स्पर्धेची प्रश्नपत्रिका काढून द्यायला मला सांगितले. मी इतिहासाचा पदवीधर नाही. नोकरी सांभाळून जुनी पुस्तके, अहवाल, चरित्रे वाचत आलो, एवढेच माझे शिक्षण. पण आमच्या भागात तेवढ्यावरही माणसाला ‘इतिहासवाले’ म्हणतात, आणि खोटे कशाला बोलू, ते ऐकायला बरेही वाटते. त्या प्रश्नपत्रिकेत मी एक प्रश्न घातला होता : मुंबई प्रांताचे पहिले पंतप्रधान कोण? प्रांताच्या मुख्यमंत्र्याला १९३७ साली पंतप्रधानच म्हणत. माझ्या उत्तरपत्रिकेत उत्तर होते, बाळासाहेब खेर.

आठवीतल्या एका मुलीने लिहिले होते, ‘धनजीशा कूपर’. मी लाल फुली मारली. त्या एका गुणाने तिचा पहिला नंबर हुकला. बक्षिसे वाटून झाल्यावर ती माझ्याजवळ आली आणि म्हणाली, “सर, कूपर का नाही?” कूपरांचे नाव मला अगदीच अनोळखी नव्हते. मी म्हणालो, “ते हंगामी होते. ते धरत नाहीत.” तिने मान हलवली आणि गेली.

घरी येताना तो ‘धरत नाहीत’ माझ्या मागे लागला. कोण धरत नाही? कूपरांचा शपथविधी झाला होता. त्यांच्या सहीने सरकारी कारभार चालला. १ एप्रिल १९३७पासून १९ जुलै १९३७पर्यंत, मोजून एकशे दहा दिवस, मुंबई प्रांताचे मंत्रिमंडळ त्यांचे होते. मग ते धरायचे नाही हे कोणी ठरवले, आणि कशावरून? तेव्हापासून मी या एकशे दहा दिवसांबद्दल मिळेल ते वाचत आलो आहे. हा लेख म्हणजे त्या मुलीला द्यायचे राहिलेले उत्तर आहे.

हद्दीच्या दोन बाजू

बीडच्या माणसाने मुंबईच्या मंत्रिमंडळावर लिहायचे कारण काय, असे कोणी विचारील. १९३७ साली बीड मुंबई प्रांतात नव्हतेच. आमचा जिल्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात, औरंगाबाद सुभ्यात होता. पण आष्टी तालुक्याच्या नकाशावर बोट फिरवून पाहा. पश्चिमेला आणि दक्षिणेला हात लांबवला की तेव्हाचा अहमदनगर जिल्हा लागतो. जामखेड, कर्जत, पाथर्डी हा मुलूख इंग्रजांच्या मुंबई प्रांतातला. जुनी माणसे इकडच्या मुलखाला ‘मोगलाई’ म्हणत आणि तिकडच्याला ‘इंग्रजी’. इकडे हाली सिक्का चाले, तिकडे कलदार. मधे करोडगिरीचे नाके. बोली एक, सोयरीक एक, बाजारही पुष्कळदा एकच; पण सरकार दोन.

१ एप्रिल १९३७ रोजी या हद्दीच्या पलीकडे भारत सरकारचा १९३५ चा कायदा प्रांतांपुरता लागू झाला. प्रांतिक स्वायत्तता आली. त्याआधी मतदान झाले होते. मतदानाचा हक्क सगळ्यांना नव्हता. शेतसारा, मालमत्ता, शिक्षण अशा अटींत बसणाऱ्यांनाच होता. तरीही जामखेडच्या बाजूला काही शेतकऱ्यांनी आपला प्रतिनिधी निवडला. अलीकडे, आष्टीच्या बाजूला, त्या दिवशी काहीच बदलले नाही. हैदराबादेत सर अकबर हैदरी यांची मंत्रिमंडळाच्या अध्यक्षपदी नेमणूक नुकतीच झाली होती. ती निजामाने केली होती आणि निजामाच्याच मर्जीवर होती. जाहीर सभा भरवायची तर ‘गश्ती निशाण ५३’प्रमाणे आधी परवानगी काढावी लागे.

वऱ्हाडची गोष्ट तर आणखी विचित्र. वऱ्हाडावर निजामाचे सार्वभौमत्व १९३६ च्या करारात कागदोपत्री मान्य झालेले होते. निजामाच्या युवराजाला ‘प्रिन्स ऑफ बेरार’ हा किताबही मिळाला होता. पण कारभार मध्यप्रांत व वऱ्हाड या इंग्रजी प्रांताचा, म्हणून अमरावती-अकोल्याच्या माणसाला मत होते. ज्या प्रजेवर निजामाची सत्ता केवळ नावाची, तिला मत. जिच्यावर ती खरोखरची, तिला फर्मान. म्हणून मला हा विषय परक्याचा वाटत नाही. पलीकडे काय मिळाले आणि ते कितपत खरे होते, हे हद्दीवरच्या माणसाने पाहिले तर त्याला जरा जास्त दिसते.

नकारातून जन्मलेले

आता मुंबईकडे वळू. नव्या विधानसभेच्या १७५ जागा होत्या. काँग्रेसला ८६ मिळाल्या. निर्विवाद बहुमताला दोन कमी, पण सर्वांत मोठा पक्ष तोच, आणि बाकीच्या ८९ जागा इतक्या तुकड्यांत वाटलेल्या की त्यांची मोळी बांधणे अशक्य. त्यांत मुस्लिम लीग होती, डॉ. आंबेडकरांचा ऑगस्ट १९३६ मध्ये स्थापन झालेला स्वतंत्र मजूर पक्ष होता, ब्राह्मणेतर होते, टिळकपरंपरेतला लोकशाही स्वराज्य पक्ष होता, युरोपियन होते, अपक्ष होते. यांना एकत्र बांधणारी एकच गोष्ट, की ते काँग्रेसचे नव्हते.

काँग्रेस पक्षाने बाळासाहेब खेर यांना नेता निवडले. त्या निवडीचाही एक वाद आहे. मुंबईचे लोकप्रिय पुढारी बॅरिस्टर नरिमन यांना आपण डावलले गेलो असे वाटले, सरदार पटेलांवर आरोप झाले, चौकशी झाली आणि निर्णय नरिमन यांच्या विरुद्ध गेला. पण लगेचचा प्रश्न वेगळा होता. सरकार बनवायचे की नाही?

१९३५ च्या कायद्याने प्रांतांचा कारभार मंत्र्यांकडे दिला खरा, पण गव्हर्नरच्या हाती ‘विशेष जबाबदाऱ्या’ ठेवल्या होत्या. शांतता व सुव्यवस्था, अल्पसंख्याकांचे हित, सनदी नोकरांचे हक्क अशा बाबींत तो मंत्र्यांचा सल्ला बाजूला सारू शकत होता. मंत्री निवडायचे त्याने, आणि ते पदावर राहणार त्याच्या मर्जीपर्यंत. मार्च १९३७ मध्ये दिल्लीत अखिल भारतीय काँग्रेस समितीने ठरवले की मंत्रिपदे घ्यायची, पण गव्हर्नर आपले हस्तक्षेपाचे अधिकार वापरणार नाही असा भरवसा मिळाला तरच. गव्हर्नरांचे म्हणणे, की कायद्याने दिलेली जबाबदारी आम्हाला शब्द देऊन सोडता येत नाही. मुंबईचे गव्हर्नर लॉर्ड ब्रेबोर्न यांनी खेरांना बोलावले, खेरांनी भरवसा मागितला, तो मिळाला नाही, खेरांनी नकार दिला.

असे एकट्या मुंबईत झाले नाही. मद्रास, संयुक्त प्रांत, बिहार, ओरिसा, मध्यप्रांत, सगळीकडे काँग्रेसने पाठ फिरवली. पण १ एप्रिलला नवी राजवट सुरू व्हायची होती, आणि मंत्रिमंडळाविना ती सुरू झाली असती तर पहिल्याच दिवशी फसली असे म्हणायची वेळ आली असती. म्हणून गव्हर्नरांनी मिळतील त्या माणसांची मंत्रिमंडळे बनवली. मद्रासेत कूर्मा वेंकट रेड्डी नायडू, संयुक्त प्रांतात छतारीचे नवाब, बिहारमध्ये मोहम्मद युनूस, ओरिसात पारलाखेमुंडीचे महाराज. नागपुरात ई. राघवेंद्र राव, ज्यांनी आदल्याच वर्षी काही महिने प्रभारी गव्हर्नर म्हणून काम केले होते. त्यांच्या सहकाऱ्यांत दादासाहेब खापर्डे यांचे चिरंजीव बाळकृष्ण गणेश खापर्डे होते. आणि मुंबईत धनजीशा कूपर.

त्याच १ एप्रिलला काँग्रेसने नव्या घटनेच्या निषेधार्थ देशभर हरताळ पुकारला होता. म्हणजे ज्या दिवशी मंत्र्यांनी कारभार हाती घेतला, त्याच दिवशी त्यांच्या कारभाराच्या निषेधाचा हरताळ. असा मुहूर्त फार थोड्या मंत्रिमंडळांच्या वाट्याला आला असेल.

चौघे जण

कूपर मंत्रिमंडळात चार माणसे होती : धनजीशा कूपर, जमनादास मेहता, सर सिद्दप्पा कांबळी आणि हुसेनअली रहिमतुल्ला. वरवर पाहिले तर प्रांताचा छोटा नकाशाच. साताऱ्याचा पारशी, मुंबईचा गुजराती, कर्नाटकाचा लिंगायत, मुंबईचा मुसलमान. सिंध आदल्याच वर्षी वेगळा झाला होता. राहिलेल्या मुंबई प्रांतात गुजरात, महाराष्ट्र आणि कर्नाटक असे तिन्ही भाग होते.

कूपर हे नाव महाराष्ट्रात शेतकऱ्यांना मंत्र्याचे म्हणून कमी आणि नांगराचे म्हणून जास्त ठाऊक होते. साताऱ्याजवळ पाडळीला, सातारा रोड स्थानकाच्या परिसरात, त्यांचा लोखंडी नांगरांचा कारखाना उभा राहिला. हरळी-कुंद्याने धरलेल्या काळ्या रानाला लाकडी नांगर पुरत नाही. लोखंडी नांगराने शेतीत काय फरक पडला हे जुन्या शेतकऱ्याला विचारावे. या कारखान्याच्या उभारणीत कर्मवीर भाऊराव पाटील होते. त्याआधी ते किर्लोस्करांच्या नांगरांचा प्रचार करीत हिंडलेले. बहुजनांच्या शिक्षणासाठी नफ्यातून पैसा द्यायच्या बोलीवरून दोघांचे कडकडून बिनसले, असे भाऊरावांची चरित्रे सांगतात. त्या चरित्रांत कूपर येतात ते खलनायक म्हणूनच, आणि मराठी वाचकाच्या मनात त्यांची प्रतिमा बहुधा तिथूनच आलेली आहे.

राजकारणात कूपर ब्राह्मणेतर चळवळीच्या बाजूने पुढे आले. साताऱ्याच्या स्थानिक राजकारणात त्यांचा दबदबा होता आणि आधीच्या द्विदल राज्यपद्धतीत त्यांनी मंत्रिपदाचा अनुभव घेतला होता. पण १९३७ पर्यंत त्यांच्या पायाखालची जमीन सरकलेली होती. केशवराव जेधे यांच्यासारखे ब्राह्मणेतर चळवळीचे बिनीचे पुढारी काँग्रेसमध्ये गेले होते. डिसेंबर १९३६ मध्ये काँग्रेसने आपले अधिवेशन खानदेशात फैजपूरला, खेड्यात भरवले. शेतकरी कुणाच्या मागे चालला आहे हे त्या फैजपूरच्या मांडवात दिसत होते. कूपर सरकारदरबारी मोठे होत गेले, आणि ज्या बहुजन समाजाच्या नावाने ते मोठे झाले तो समाज दुसऱ्या वाटेने निघून गेला.

सर सिद्दप्पा तोटप्पा कांबळी हुबळी-धारवाडकडचे लिंगायत पुढारी. ब्राह्मणेतर राजकारणातून आलेले, द्विदल राजवटीत शिक्षणमंत्री राहिलेले. कूपरांप्रमाणेच जुन्या राजवटीचा अनुभव हीच त्यांची शिदोरी. हुसेनअली रहिमतुल्ला मुंबईचे. लीगच्या अधिकृत पाठिंब्याविना मुसलमान मंत्री म्हणून त्यांची जागा अवघड होती.

चौघांत सगळ्यांत वेगळा माणूस जमनादास मेहता. बॅरिस्टर, रेल्वे कामगारांचे पुढारी, मुंबईचे महापौर राहिलेले, टिळकांना मानणारे. त्यांच्याकडे अर्थखाते आले. काँग्रेसच्या लोकांना त्यांचे जाणे जास्त झोंबले, कारण कूपर-कांबळी सरकारच्या बाजूचे म्हणून सोडून देता येत होते, जमनादासांना तसे सोडता येत नव्हते. पण त्यांच्या बाजूने पाहिले तर ते आपल्या जुन्या मतालाच धरून होते. टिळकांनी मॉंटेग्यू-चेम्सफर्ड सुधारणांच्या वेळी ‘प्रतियोगी सहकारिता’ सांगितली होती : मिळेल ते घ्या, राबवा, आणि उरलेल्यासाठी भांडा. न. चिं. केळकरांच्या पिढीने तीच वाट धरली. सत्तेच्या जागा मोकळ्या सोडल्या तर त्या सरकारची माणसे भरतात, हा त्या वाटेवरचा नेहमीचा युक्तिवाद. जमनादासांनी १९३७ साली तो स्वतःवर लावून पाहिला.

दहा मे

या एकशे दहा दिवसांत पुढच्या काळावर खूण उमटवणारे एक काम झाले, आणि ते जमनादासांच्या आग्रहाने झाले. जानेवारी १९२४ पासून विनायक दामोदर सावरकर रत्नागिरी जिल्ह्यात स्थानबद्ध होते. जिल्ह्याबाहेर जायचे नाही, राजकारणात भाग घ्यायचा नाही. मूळची मुदत पाच वर्षांची. ती वाढत वाढत तेरा वर्षे झाली होती. मंत्रिमंडळात यायचे तर सावरकरांची बंधने उठली पाहिजेत, अशी अट जमनादासांनी घातली, आणि कूपरांनी ती मानली, असे सावरकरांच्या चरित्रात धनंजय कीर यांनी नोंदवले आहे. १० मे १९३७ रोजी सावरकर बिनशर्त मुक्त झाले.

सावरकरांच्या राजकारणाबद्दल वाचकांची मते वेगवेगळी असणार. माझा मुद्दा त्याच्या अलीकडचा आहे. ज्या मंत्रिमंडळाला आपण ‘गव्हर्नरचे बाहुले’ म्हणून पुसून टाकतो, त्याने गव्हर्नरच्या सरकारने तेरा वर्षे राखलेली स्थानबद्धता चाळीस दिवसांत उठवली. बाहुल्याच्या हातून हे कसे झाले? माझ्या मते उत्तर सोपे आहे. ब्रेबोर्न यांना मंत्री हवे होते आणि मंत्री मिळत नव्हते. ज्याची गरज असते त्याची अट ऐकावी लागते. म्हणजे मंत्र्यांचे बळ मतदारांकडून आलेले नव्हते, ते काँग्रेसच्या नकारातून आलेले होते. खेरांनी नाही म्हटले म्हणून जमनादासांच्या हो म्हणण्याला भाव आला. नकार देणारे आणि होकार देणारे एकमेकांचे शत्रू समजले जात होते, पण दोघांच्या वागण्याचा वजनकाटा एकच होता.

सहा महिन्यांची मुदत

आता त्या मुलीच्या प्रश्नाच्या मुळाशी येतो. या मंत्रिमंडळाला कमी काय होते?

कायद्याने पाहिले तर काहीच नाही. कायद्याच्या ५१व्या कलमाप्रमाणे गव्हर्नरने मंत्री निवडायचे होते, त्याने ते निवडले. त्यांच्या मागे बहुमत असलेच पाहिजे असे त्या कलमात शब्दांत लिहिलेले नव्हते. पण ६२व्या कलमात एक गोष्ट लिहिलेली होती : नव्या विधिमंडळाची पहिली बैठक कायदा लागू झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत बोलावली पाहिजे. म्हणजे सप्टेंबर अखेरपर्यंत. आणि बैठक भरली की अविश्वासाचा ठराव येणार, आणि तो आला की कूपर पडणार, हे कूपरांना माहीत होते, गव्हर्नरला माहीत होते, रस्त्यावरच्या माणसाला माहीत होते.

म्हणून सभागृह बोलावलेच गेले नाही. कूपर मंत्रिमंडळाने एकशे दहा दिवसांत एकदाही विधानसभेचे तोंड पाहिले नाही. विधेयक मांडले नाही, प्रश्नाला उत्तर दिले नाही, एकाही सभासदाला ‘सन्माननीय मंत्र्यांनी सांगावे’ असे म्हणायची संधी मिळाली नाही. निवडून आलेले १७५ सभासद घरी होते आणि चार मंत्री सचिवालयात होते.

जे झाले नाही त्याची किंमत काय होती हे पुढच्या काही महिन्यांत कळते. विधानसभा भरल्यावर सप्टेंबर १९३७ मध्ये डॉ. आंबेडकरांनी कोकणातली खोती रद्द करण्याचे विधेयक मांडले. ते मंजूर झाले नाही. पण खोताच्या जाचाखाली असलेल्या कुळाचे गाऱ्हाणे कायद्याच्या भाषेत, सभागृहात, सरकारच्या तोंडावर बोलले गेले आणि त्याची नोंद झाली. जानेवारी १९३८ मध्ये शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईत विधानसभेवर गेला. मोर्चा जायला आधी सभा भरलेली असावी लागते. औद्योगिक कलह विधेयकाच्या वेळी ७ नोव्हेंबर १९३८ ला कामगारांनी संप केला; त्या विरोधात आंबेडकर आणि डांगे यांच्याबरोबर हेच जमनादास मेहता उभे होते. सोळा महिन्यांपूर्वीचा मंत्री आता रस्त्यावर सरकारला जाब विचारत होता. जाब विचारायची सोय त्याच्या स्वतःच्या मंत्रिपदाच्या काळात कुणालाच नव्हती. हे लक्षात आले तेव्हा मी पुस्तक मिटून थोडा वेळ बसून राहिलो होतो.

तोवर दिल्लीत तडजोड शिजत होती. व्हाइसरॉय लॉर्ड लिनलिथगो यांनी जूनच्या उत्तरार्धात खुलासा केला, की गव्हर्नर दैनंदिन कारभारात विनाकारण हात घालणार नाहीत. तो मागितलेला भरवसा नव्हता, पण त्याच्या जवळपास जाणारा होता. ७ जुलै १९३७ रोजी वर्ध्याला काँग्रेस कार्यकारिणीने मंत्रिपदे स्वीकारायचे ठरवले. ब्रेबोर्न मेअखेर मुंबई सोडून गेले होते. प्रभारी गव्हर्नर सर रॉबर्ट बेल यांनी खेरांना बोलावले. १९ जुलैला खेर मंत्रिमंडळ आले : मुन्शी, लठ्ठे, मोरारजी देसाई, डॉ. गिल्डर, ल. मा. पाटील, नुरी. कूपर मंत्रिमंडळ पडले नाही, त्याला कुणी पाडले नाही. ते उठून गेले. ज्याने कधी मत मागितले नाही त्याचा पराभवही झाला नाही.

मोगलाईतले त्याच वर्षीचे पडसाद

पुन्हा हद्दीच्या अलीकडे येऊ. त्याच १९३७ साली परतूरला महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन भरले. अध्यक्ष होते गोविंदराव नानल. मराठवाड्याची माणसे पहिल्यांदाच आपल्या नावाने, आपल्या भाषेत, राजकीय हक्कांची भाषा बोलू लागली. त्या काळात आमच्या जिल्ह्यात मोमिनाबादला, म्हणजे आजच्या अंबाजोगाईला, स्वामी रामानंद तीर्थ शाळेचे काम करत होते. पुढे ते त्याच कामातून उठून हैदराबादच्या लढ्याच्या अग्रभागी गेले. ऑक्टोबर १९३८ मध्ये स्टेट काँग्रेसचा सत्याग्रह सुरू झाला. पहिल्या तुकडीचे नेतृत्व परतूरच्या अधिवेशनाचे अध्यक्ष नानल यांच्याकडेच होते.

त्यांची मागणी काय होती? ‘जबाबदार राज्यपद्धती’. निजामाला हटवा असे ते तेव्हा म्हणत नव्हते. त्याच्याच छत्राखाली, पण प्रजेच्या प्रतिनिधींना जबाबदार असलेले मंत्री द्या, एवढेच म्हणत होते. आज ती मागणी फिकी वाटते. पण १९३७ च्या एप्रिल-मे-जूनमध्ये हद्दीपलीकडे काय चालले होते ते आठवा. मुंबईत मंत्री होते, पण जबाबदार नव्हते. हैदराबादेतही मंत्री होते, पण जबाबदार नव्हते. त्या एकशे दहा दिवसांपुरते जामखेडचा शेतकरी आणि आष्टीचा शेतकरी एका पातळीवर होते. दोघांच्या मंत्र्यांना ठेवणारा आणि काढणारा एकच माणूस होता. तिकडे गव्हर्नर, इकडे निजाम.

फरक होता तो एका तारखेचा. तिकडच्या कायद्यात सहा महिन्यांची मुदत लिहिलेली होती. ती भरली की सभागृह भरणार होते, मग गव्हर्नरला आवडो न आवडो. इकडे अशी मुदत कुठल्याच कागदावर नव्हती. १९३९ साली निजाम सरकारने सुधारणा जाहीर केल्या : ८५ जणांचे विधिमंडळ, त्यांतले ४२ निवडलेले, आणि मंत्री त्यांना जबाबदार नाहीतच. तेही महायुद्धाच्या नावाखाली लांबणीवर पडले. १० मेला रत्नागिरीत मुक्त झालेले सावरकर डिसेंबर १९३७ मध्ये हिंदू महासभेचे अध्यक्ष झाले आणि १९३८-३९ मध्ये त्यांच्या पक्षाने निजामाविरुद्ध भागानगरचा निःशस्त्र प्रतिकार चालवला. मुंबईच्या विसरलेल्या मंत्रिमंडळाचा एक धागा असा फिरून आमच्याच संस्थानात आला. बीडच्या माणसाला आपले सरकार मताने निवडायला मिळाले ते सप्टेंबर १९४८ ची पोलिस कारवाई होऊन गेल्यावर, १९५२ च्या निवडणुकीत. पलीकडच्या शेतकऱ्यानंतर पंधरा वर्षांनी.

आणखी एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. कूपरांच्या मंत्रिमंडळानंतर सहा वर्षांनी, १९४३ मध्ये, त्यांच्याच सातारा जिल्ह्यात क्रांतिसिंह नाना पाटील यांचे प्रतिसरकार उभे राहिले. त्याला कुठल्या कायद्याचा आधार नव्हता, पण गावोगावचे लोक आपले तंटे घेऊन त्याच्या न्यायदान मंडळाकडे जात होते. एकाच जिल्ह्याने दोन्ही टोके पाहिली. एका सरकारजवळ गव्हर्नरची सही होती आणि माणसे नव्हती, दुसऱ्याजवळ माणसे होती आणि सही नव्हती. साताऱ्यात आजही कुणाला विचारा, कोणते सरकार आठवते म्हणून.

तरीही मी कूपर मंत्रिमंडळाला यादीतून काढायच्या विरुद्ध आहे. ते चौघे लोकांचे शत्रू होते असे म्हणणे मला पटत नाही. कूपर आणि कांबळी ज्या ब्राह्मणेतर राजकारणातून आले, त्यानेच सत्तेच्या दारात बहुजन पुढाऱ्यांना प्रथम उभे केले होते. जमनादासांनी आपल्या मतासाठी लोकांचे शिव्याशाप घेतले आणि एका माणसाची कैद संपवली. त्यांचा दोष त्यांच्या हेतूत शोधायला गेलो तर हाती फार लागत नाही. दोष त्या रचनेत होता, जिच्यात मंत्री होता येत होते पण विचारले जाण्याची सोय नव्हती. ती रचना कशी दिसते हे कळायला हे एकशे दहा दिवस पाठ्यपुस्तकात असायला हवेत. यादीतून नाव गाळले की चूक दिसेनाशी होते, आणि न दिसणारी चूक पुन्हा करणे सोपे जाते.

ती मुलगी आता कॉलेजात असेल. तिच्या त्या उत्तरपत्रिकेवरची फुली मला पुसता येणार नाही. स्पर्धा कधीच संपली, बक्षीस दुसऱ्या मुलाला गेले. पण शाळेने पुढच्या वर्षी पुन्हा प्रश्नपत्रिका मागितली तेव्हा मी प्रश्न बदलून घातला : ‘मुंबई प्रांताचे पहिले पंतप्रधान कोण? ते विधानसभेत किती दिवस बसले?’ दुसऱ्या भागाला मी दोन गुण ठेवले होते.